‘जमेल रे बाळा’: दांडिया बाजारात न चाललेला एक सेट

गेल्या गणपतीत बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या एका मंडळात माझा आतेभाऊ १५ मिनिटांचा मराठी स्टँडअप करायला उभा राहिला आणि तो सेट पडला. सेट पडण्यात नवीन काही नाही, ओपन माइक (कोणीही नाव देऊन स्टेजवर उभं राहायचं असा कार्यक्रम) करणाऱ्या प्रत्येकाचा पडतो, पण हा ज्या तऱ्हेने पडला तसं मी तीन वर्षांत बघितलं नव्हतं. लोक कंटाळले नाहीत, कोणी उठून गेलं नाही, कोणी मोबाईल काढला नाही, उलट सगळे त्याच्याकडे इतक्या काळजीने बघायला लागले की हसायचं राहूनच गेलं. खाली उतरल्यावर दोन काकांनी त्याला नोकरीचं विचारलं आणि एका काकूंनी स्थळ सुचवलं.

हे सविस्तर लिहायचं कारण म्हणजे स्वतःवर विनोद करण्याबद्दल सगळीकडे एक समज आहे, की हा सगळ्यात सेफ विनोद, कोणाला लागत नाही, कोणाची माफी मागावी लागत नाही. त्या रात्री तो माझ्या आत्याला लागला, आणि ती तिसऱ्या रांगेत बसली होती.

आधी तो नेमकं काय करतो ते सांगते. बडोद्यात स्टँडअपचं फार मोठं काही नाही, फतेहगंज-अलकापुरीकडच्या कॅफेंमध्ये ओपन माइक होतात, युनिव्हर्सिटीची पोरं येतात, प्रत्येकाला पाच मिनिटं, हिंदी गुजराती इंग्लिश जे येईल ते. भाऊ (नाव लिहू नको म्हणालाय, म्हणून भाऊच म्हणते) पूर्ण स्वतःच्या जिवावर करतो, मॅनेजर नाही, एजन्सी नाही, पोस्टर स्वतः बनवतो, रेकॉर्डिंग आणि वेळ संपत आली की मोबाईलची लाइट दाखवणं माझ्याकडे. त्याची स्टाईल म्हणजे अवघडलेपणा. स्टेजवर येतो, माइकचा स्टँड वरखाली करत बसतो, तो काही केल्या नीट होत नाही, पंचवीसेक सेकंद हेच. मग एक वाक्य, मग मोठा पॉज, मग पंच म्हणजे हसवणारं वाक्य, आणि पंचनंतर खाली बघत हळूच ‘सॉरी’. कॅफेत त्या सॉरीवर दुसऱ्यांदा हशा येतो. आणि सगळे जोक स्वतःवर, उंची, नोकरी, लग्न, घरातली किंमत. त्याच्या बाहेर तो जातच नाही. २०२१ च्या १ जानेवारीला इंदूरला स्टँडअप कॉमेडियन मुनव्वर फारुकीला त्याच्या शोच्या ठिकाणाहून अटक झाली आणि सुप्रीम कोर्टाचा अंतरिम जामीन मिळायला ५ फेब्रुवारी उजाडली, तेव्हा भाऊ नुकताच लिहायला लागला होता आणि त्याने तेव्हाच ठरवलं की आपण फक्त आपल्याबद्दल बोलायचं, केस कोण करणार. मला ते तेव्हा पटलं होतं.

आता ती रात्र. कार्यक्रम लहान मुलांच्या डान्सनंतर आणि आरतीच्या आधी. मंडळाच्या अंगणात ट्यूबलाइटचा लख्ख उजेड, लाल प्लास्टिकच्या खुर्च्या, पुढे आजी-आजोबा, मागे कॉलेजची पोरं उभी. निवेदन करणाऱ्या दादाने ओळख करून दिली, ‘आपल्याच गल्लीतला मुलगा आहे, मराठीत पहिल्यांदाच करतोय, टाळ्या वाजवून त्याचा उत्साह वाढवूया.’ दादाच्या मनात चांगलंच होतं. पण माझ्या मते सेट तिथेच अर्धा गेला, का ते पुढे सांगते.

भाऊ आला, स्टँडशी झटापट सुरू. कॅफेत आठव्या-नवव्या सेकंदाला पहिलं हसू येतं. या रेकॉर्डिंगमध्ये नवव्या सेकंदाला खुर्ची सरकल्याचा आवाज आहे. पहिल्या रांगेतले एक काका उठले, स्टेजवर चढले, स्टँडचा स्क्रू सैल केला, माइक बरोबर त्याच्या तोंडासमोर आणला, स्क्रू परत घट्ट पिळला, त्याच्या पाठीवर थाप मारली आणि जागेवर जाऊन बसले. लोकांनी टाळ्या वाजवल्या. काकांसाठी.

भाऊ म्हणाला, ‘नमस्कार. मी स्टँडअप करतो. म्हणजे उभा राहतो, बाकीचं अजून जमत नाही. सॉरी.’

शांतता. आणि मग डावीकडून एका काकूंचा स्वच्छ, मायेचा आवाज, ‘जमेल रे बाळा.’

पुढचा जोक, घरी पाहुणे आले की आई ओळख करून देते, ‘हा आमचा मुलगा, अहो तुम्ही चहा घ्या ना, गार होतोय.’ मागची पोरं जरा हसली, पुढच्या दोन रांगा मात्र मागे वळून आत्याकडे बघायला लागल्या. मग नोकरीचा, की मी राजीनामा द्यायला गेलो तर एचआरच्या मॅडम म्हणाल्या, तुम्ही अजून इथेच होतात? यावर चक्क ‘अरेरे’ आलं, कारण त्याची नोकरी महिन्यापूर्वी खरंच गेली होती आणि गल्लीत ते सगळ्यांना माहीत होतं. आणि मग त्याचा सगळ्यात भरवशाचा, वधूवर मेळाव्यात माझा नंबर पुकारला, कोणीच हात वर केला नाही, शेवटी एक हात वर झाला, बघतो तर आई, विचारत होती जेवण कधी आहे. फतेहगंजला यावर टेबलं वाजतात. इथे कोणीतरी जीभ चुकचुकल्याचा आवाज आहे, बस. मी लाइट दाखवायच्या कितीतरी आधी, अकराव्या मिनिटाला तो थांबला, थँक यू म्हणाला आणि आरती सुरू झाली.

रात्री सेव-उसळ खायला गेलो. त्याने पाव नुसता कुस्करला. म्हणाला, ‘ताई, यापेक्षा हूटिंग झालं असतं ना तरी चाललं असतं.’ दुसऱ्या दिवशी सकाळी मी आत्याकडे होते. ती नैवेद्यासाठी खवणीवर नारळ खवत होती, तो समोर चहा घेत होता. बराच वेळ काही बोलली नाही, मग मान वर न करता म्हणाली, ‘पाहुण्यांना मी तुझं नाव सांगत नाही असं कधी झालंय रे?’ त्याच्याकडे उत्तर नव्हतं. जोक होता गं, एवढंच म्हणाला. ती म्हणाली, ‘हो, कळलं मला, पण मी कधी तसं केलंय?’

पुढचे दोन-तीन आठवडे मी दोन्ही रेकॉर्डिंग शेजारी शेजारी ठेवून ऐकत होते, कॅफेचं आणि मंडळाचं. जोक तेच, पॉज जवळपास तेच. त्याच्या मित्रांचं म्हणणं, मंडळाची पब्लिक जुनी आहे, त्यांना स्टँडअप कळत नाही. मला हे अजिबात मान्य नाही. याच लोकांनी दूरदर्शनवर दिलीप प्रभावळकरांचा चिमणराव डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसत बघितलाय, आणि चिमणराव म्हणजे अवघडलेल्या माणसांचा बापच की. त्यांना स्वतःची फजिती सांगणारा माणूस कळतो. तेव्हा गडबड दुसरीकडे आहे.

एक तर उजेड. कॅफेत लोक अंधारात असतात, शेजारचा हसला का हे दिसत नाही, मंडळात प्रत्येकाला प्रत्येकाचा चेहरा दिसत होता आणि वर आत्याचाही. ज्या माणसाची आई समोर बसलीय त्याच्या अपमानावर चारचौघांत कोण हसेल? मीही नसते हसले.

पण याहून मोठं ते निवेदन. १९६६ मध्ये एलियट अ‍ॅरन्सन या मानसशास्त्रज्ञाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी अमेरिकेत मिनेसोटाला एक प्रयोग केला होता. विद्यार्थ्यांना क्विझच्या उमेदवारांच्या टेप ऐकवल्या, एकाची ९२ टक्के उत्तरं बरोबर, दुसऱ्याची ३० टक्के. काही टेपमध्ये शेवटी उमेदवाराच्या अंगावर कॉफी सांडते. हुशार माणसाने कॉफी सांडली तर तो ऐकणाऱ्यांना जास्त आवडला, आणि सामान्य माणसाने सांडली तर आधी होता त्याहून कमी आवडला. म्हणजे फजिती तीच, फक्त आधी काय दिसलं यावर सगळं ठरतं. कॅफेत होस्ट सांगतो की हा सुरतला, अहमदाबादला शो करून आलाय, मग स्टँड नीट होत नाही हे नाटक आहे हे लोकांना लगेच कळतं आणि ते निश्चिंत होऊन हसतात. मंडळात सांगितलं पहिल्यांदाच करतोय, मग स्टँड नीट झाला नाही तर उठून मदत करणं हेच माणुसकीचं. ते काका चुकले नाहीत. त्यांना समोर खरोखर अडकलेला मुलगा दिसला.

मग भाषा. यावर आमचं बरंच भांडण झालं. त्याने सगळा सेट हिंदीतून मराठीत आणला होता, आणि हिंदीत किंवा इंग्लिशमध्ये ‘मी लूजर’ म्हणणं हा आता एक ठरलेला रोल झालाय, लोकांना तो माणूस ओळखीचा आहे. आमची मराठी मात्र घरातली. आमच्या पिढीचं शिक्षण गुजराती नाहीतर इंग्लिशमधून, दुकानात गुजराती, ऑफिसात हिंदी-इंग्लिश, मराठी फक्त आई-बाबा, आजी आणि गणपती. त्यामुळे मराठीत स्वतःला घालूनपाडून बोलायचे आमच्याकडचे सगळे शब्द घरच्या ओरड्यातून आलेत. ‘मला काही जमत नाही’ हे मराठीत म्हटलं की ऐकणाऱ्याला शाळेतून रडत आलेलं पोर दिसतं, आणि काकूंच्या तोंडून आपोआप ‘जमेल रे बाळा’ निघतं. खरं तर मराठीत स्वतःची खेचायला फार सुंदर सोय आहे. ‘अस्मादिक निघाले’, ‘स्वारी खुशीत होती’, ‘आम्ही आपले बसलो तोंड वासून’. बोलणारा आणि ज्याची फजिती झाली तो, या दोघांत बोटभर अंतर पडतं आणि त्या अंतरात लोकांना हसायला जागा मिळते. भाऊचं प्रत्येक वाक्य ‘मी’ने सुरू होत होतं, अंतर शून्य.

आणि ती गेलेली नोकरी. २००३ मध्ये मानसशास्त्रज्ञ रॉड मार्टिन आणि त्याच्या सहकाऱ्यांनी विनोदाच्या चार तऱ्हा मोजणारी ३२ वाक्यांची प्रश्नावली तयार केली, त्यात एक तऱ्हा अशी की माणूस दुसऱ्यांना आवडावा म्हणून स्वतःला प्रमाणाबाहेर खाली पाडतो आणि आतलं दुखणं हसण्याखाली दाबतो. दुसरी एक तऱ्हा, संकटात स्वतःच्या परिस्थितीकडे गमतीने बघून स्वतःला सावरणं. वरून दोन्ही सारख्या दिसतात. ऑगस्टपर्यंत भाऊचं दुसरं होतं. नोकरी गेल्यावर तो पहिल्याकडे सरकला आणि मला ते कळलं नाही, याचं मला वाईट वाटतं. रेकॉर्डिंग ऐकलं तर त्या एचआरच्या जोकमध्ये त्याचा आवाज बदलतो, पॉज घेतलेला नाहीये, पडलाय. गल्लीतल्या लोकांना ते एका वाक्यात ऐकू आलं. हॅना गॅड्सबी या टास्मानियाच्या कॉमेडियनने २०१८ च्या तिच्या नेटफ्लिक्सवरच्या कार्यक्रमात हेच सांगितलं होतं, की ज्याला आधीच कडेला ढकललंय त्याने बोलायची परवानगी मिळावी म्हणून स्वतःला खाली पाडणं यात नम्रता नसते, मानहानी असते. ती तिच्या आयुष्याबद्दल बोलत होती, ते फार वेगळं आणि फार जड आहे, पण मला ते त्या रात्री सेव-उसळीच्या गाडीवर आठवलं.

सुटायचा रस्ता एका आजोबांनी दाखवला. विसर्जनाच्या दिवशी ते भाऊला म्हणाले, ‘चि. वि. वाच. इथलेच आपले.’ चिंतामण विनायक जोशी, १८९२ ते १९६३, जन्म पुण्याचा पण नोकरी बडोद्यात, बडोदा कॉलेजात पाली शिकवायचे, संस्थानाचं दफ्तरही सांभाळलं. बौद्ध जातकांचा अभ्यास करणाऱ्या माणसाने चिमणराव लिहिला, आणि तो या गावात राहून लिहिला, हे आमच्या वयाच्या किती बडोदेकरांना माहीत आहे? भाऊने घरातली जुनी प्रत शोधली. नवरात्र सुरू झालं होतं, त्या नऊ रात्री बडोद्यात गरब्याशिवाय दुसरं काही होत नाही, कॅफेचे ओपन माइक बंद, त्यामुळे वाचायला वेळच वेळ.

आम्हाला दोघांना जे दिसलं ते असं. चिमणराव स्वतःला मूर्ख म्हणत बसत नाही. तो घडलेलं सांगतो, गंभीरपणे, आपण त्या वेळी कसं समजूतदारपणे वागलो अशा थाटात, आणि फजिती वाचणाऱ्याला दिसते. तो सतत स्वतःच्या बाजूने आहे. आणि शेजारी त्याचा जोडीदार गुंड्याभाऊ आहे, त्यामुळे तो एकटा पडत नाही, आपल्याला त्याची कीव येत नाही. हे एकदा दिसलं की सगळीकडे दिसायला लागतं. अमेरिकन कॉमेडियन रॉडनी डेंजरफील्ड आयुष्यभर लाल टाय ओढत म्हणत राहिला की मला कोणी मान देत नाही, म्हणजे तक्रार जगाबद्दल, मला मान मिळायला हवा हे त्याने धरूनच चाललंय. इंदूरचा कॉमेडियन झाकीर खान घ्या, त्याच्या गोष्टीतला मुलगा हरतो, पण ताठ मानेने हरतो. भाऊ मात्र स्टेजवर स्वतःच्या विरुद्ध पार्टीत बसला होता, आणि मग त्याची बाजू घ्यायला शंभर लोकांना उभं राहावं लागलं.

कोजागिरीला त्याच लोकांपैकी चाळीसेक जण एका गच्चीवर जमले. मसाला दूध, छोटा स्पीकर, आणि चंद्र दिसावा म्हणून सगळे दिवे बंद. अंधार आपोआप मिळाला. निवेदन मी केलं, सुरत-अहमदाबादचं सांगितलं. भाऊ आला, स्टँडला हातही लावला नाही, अंधारात बघून म्हणाला, ‘काका, स्टँड.’ काका हसत हसत उठले, स्क्रू पिळला, आणि खाली बसायच्या आधी त्यांनीच हात वर करून टाळ्या घेतल्या. गुंड्याभाऊ मिळाला.

‘गणपतीत तुम्ही स्थळ सुचवलंत. त्या लग्नाच्या फॉर्मबद्दल मला एक खुलासा करायचाय. मी उंची पाच आठ लिहिली.’

कोणीतरी ओरडलं, ‘पाच पाच पण नाहीयेस!’

आधीचा भाऊ इथे सॉरी म्हणाला असता. हा म्हणाला, ‘तुम्ही बसून बघताय. माणूस सकाळी उठतो तेव्हा उंच असतो. मणक्यातल्या चकत्या रात्रभर फुगतात, सायन्स आहे. मी फॉर्म सकाळी सहाला भरला.’

‘तीन इंच?’

‘त्या दिवशी झोप छान लागली होती.’

इथे हशा थांबेना. तो पूर्ण गांभीर्याने उभा. मग म्हणाला, ‘आईने फॉर्म वाचला. काही बोलली नाही. फक्त म्हणाली, पाच आठ आहेस ना, मग माळ्यावरचा मोठा डबा काढून दे.’ आणि हशाच्या मधूनच आत्याचा आवाज रेकॉर्डिंगमध्ये आहे, खणखणीत, ‘अजून काढला नाहीये!’

सात मिनिटं झाली. सगळं चाललं असं नाही, गरब्यावरचा एक जोक साफ पडला, बहुतेक नवरात्र संपून पाचच दिवस झाले होते म्हणून, त्याला अजून वेळ द्यायला हवा. आणि ही नवी पद्धत कॅफेत जरा कमीच चालते, तिथल्या पोरांना तोच पॉज आणि सॉरीवाला हवा असतो, तेव्हा सध्या तो दोन सेट ठेवतो. यावर आमचं एकमत नाही. मेळाव्यातला ‘जेवण कधी आहे’वाला जोक तो फतेहगंजला अजून करतो, मला वाटतं करू नये, आत्या तिथे येत नाही म्हणून काही तो जोक वेगळा होत नाही. तो म्हणतो टेबलं वाजतात. एचआरचा मात्र त्याने दोन्हीकडून काढला, कारण त्या दोन काकांपैकी एकांच्या ओळखीने तो आता मकरपुऱ्यात अकाउंट्सला लागलाय.

मंडळाचं रेकॉर्डिंग डिलीट कर म्हणाला होता, मी केलेलं नाही. आता त्यालाच ते हवंय, कारण पुढच्या सेटची सुरुवात त्याला अशी करायचीय की ‘जमेल रे बाळा’ हे त्या काकू स्वतःहून म्हणतील, त्यांना न सांगता, आणि त्यावर तो वाद घालेल. काय बोललं की त्या तसं म्हणतील हे दोनदा लिहून झालंय. पण काकू मुलीकडे पुण्याला गेल्यात, त्यामुळे अजून बघता आलेलं नाही.